दोनात तीन चा

तीन माणसं चहाच्या गाड्याशी येतात आणि त्यातला एक बोटं वर करून म्हणतो, 'दोनात तीन'. सोलापूरची नवी पेठ असो की सात रस्ता, चहावाला यावर उलट प्रश्न विचारत नाही. तो तीन ग्लास मांडतो, किटली एकदा तिन्हींवरून फिरवतो, मग नजरेनं मोजून जिथं कमी वाटतं तिथं पुन्हा धार धरतो आणि प्रत्येकाच्या हातात दोन तृतीयांश चहा ठेवतो. कागद नाही, पेन्सिल नाही, छेद समान करणं नाही. पाच जण आले तर 'तीनात पाच' होतं आणि तेही बिनबोभाट होतं. आता हाच प्रश्न सहावीच्या वर्गात घाला. दोन लीटर दूध तीन मुलांत समान वाटल्यास प्रत्येकास किती दूध मिळेल? बरीच पोरं तिनाला दोनानं भागून दीड लीटर हे उत्तर लिहून मोकळी होतात, कारण मोठ्या संख्येला लहान संख्येनं भागायचं असतं अशी त्यांची श्रद्धा असते. दोन लीटरमधून तिघांना प्रत्येकी दीड लीटर दूध वाटणारा मुलगा गणितात नापास होतो. पुढे तो एखाद्या निवडणुकीला उभा राहिला तर मात्र त्याला कुणी अडवू शकणार नाही.

चहावाला हुशार आणि मुलगा ढ, असा निष्कर्ष इथं काढता येत नाही, कारण तोच मुलगा संध्याकाळी मित्रांबरोबर गाड्यावर 'दोनात तीन' सांगत असतो. फरक आहे तो एका प्रत्ययाचा. गाड्यावर प्रत्येकाला माहीत असतं की दोन तृतीयांश म्हणजे एका ग्लासाचा. सगळ्या चहाचा म्हटलं तर तो तिसरा हिस्सा. आकडे दोन, चहा तेवढाच. अपूर्णांकाला एकट्यादुकट्याला अर्थ नसतो. 'कशाचा' हे विचारलं की मग तो बोलायला लागतो. माझं म्हणणं असं की अपूर्णांकांचे गुणाकार-भागाकार मराठी माणूस दिवसभर करतच असतो. शाळेत आल्यावर ते अवघड होतात, कारण तिथं रीत आधी सांगतात आणि 'कशाचा' हे विचारायचं राहून जातं. व्याकरणाच्या तासाला षष्ठीचे चा-ची-चे पाठ करून घेतात. तेच प्रत्यय पुढच्या तासाला गुणाकाराचं चिन्ह होतात, हे मात्र व्याकरणाचे सर गणिताच्या सरांना सांगत नाहीत. पाऊणचा अर्धा, निम्म्याचा पाव, हिश्श्याचा हिस्सा: दोन अपूर्णांकांच्या मधे 'चा' आला की गुणा. (सोलापूरकडे 'चा' प्यायचाही असतो, त्यामुळे घोटाळा होऊ शकतो हे कबूल.)

भाषेनं तर निम्मं काम आधीच उरकून ठेवलं आहे. इंग्रजाला दीड म्हणायचं तर एक आणि अर्धा, अडीच म्हणायचं तर दोन आणि अर्धा अशी बेरीज करत बसावं लागतं. आपल्याकडे पाव, अर्धा, पाऊण, सव्वा, दीड, अडीच यांना घरातल्या माणसांसारखी नावं आहेत, आणि ज्याला नावानं हाक मारता येते त्याची भीती वाटत नाही. साडेतिनाला तर 'औट' असं जुनं नाव होतं. औट घटकेचा राजा म्हणजे साडेतीन घटकांचा. घटका चोवीस मिनिटांची, म्हणजे हा राजा बरोबर चौऱ्याऐंशी मिनिटं राज्य करणार. एवढा गुणाकार केल्याशिवाय त्याची कीव किती करावी हेही ठरवता येत नाही. 'अदपाव' या शब्दात तर गुणाकार शिजवूनच वाढला आहे: पावाचा अर्धा, म्हणजे आठवा हिस्सा. शेराच्या आठव्या हिश्श्याला आणखी एक नाव होतं, नवटाक. ते कोणत्या द्रवामुळे लोकांच्या तोंडी जास्त राहिलं, ते इथं सांगायला नको. 'पावणे' मध्ये वजाबाकी लपलेली. 'पावणे सहाला येणार' असा निरोप आला की सोलापुरातल्या घरात दोन पक्ष पडतात. एकाच्या मते कुणीतरी पाच वाजून पंचेचाळीस मिनिटांनी येणार; दुसऱ्याच्या मते संध्याकाळी सहाला पाव्हणे येणार, किती ते सांगितलेलं नाही, तेव्हा भाकऱ्या दीडपट करा. शाब्दिक उदाहरण नीट वाचून मग सोडवावं म्हणतात ते याचसाठी.

मोजमापंसुद्धा अशी निवडलेली होती की अपूर्णांक लिहायची वेळच येऊ नये. रुपयाचे आणे सोळा. सोळा ही संख्या चार वेळा निम्मी करता येते आणि तरी हाती पुरा एक आणा उरतो. तोळ्याचे मासे बारा, माशाच्या गुंजा आठ. म्हणजे पाव तोळा झाला तीन मासे आणि पाऊण मासा झाला सहा गुंजा. अपूर्णांक असा एक पायरी खाली उतरवला की पूर्णांक होऊन गपगुमान बसतो. १९५७ साली रुपयाचे शंभर पैसे झाले, १९५८ पासून टप्प्याटप्प्यानं किलो आला, शेर गेला. पण मंडईत 'पावशेर मिरच्या' मागणारे अजून आहेत आणि त्यांना अडीचशे ग्रॅमच मिळतात. शेर मेला, त्याचा पाव जिवंत आहे.

हिश्श्याचा हिस्सा काढायची ही खोड थेट राज्यकारभारात मुरलेली होती. १७१९ साली बाळाजी विश्वनाथ दिल्लीहून दख्खनच्या सहा सुभ्यांच्या चौथाई आणि सरदेशमुखीच्या सनदा घेऊन आला. सरदेशमुखी म्हणजे दहावा हिस्सा, चौथाई म्हणजे चौथा. पुढे त्या चौथाईचाही चौथा हिस्सा राजाचा, त्याचं नाव राजबाबती. चौथाईतलेच शेकडा सहा सहोत्र्याचे, शेकडा तीन नाडगौड्याचे, आणि उरलेले शेकडा सहासष्ट मोकासा म्हणून सरदारांकडे. चौथाईचा चौथा म्हणजे मूळ वसुलाचा सोळावा, म्हणजे रुपयात एक आणा. सरदाराला तलवार पेलली नाही तर चालून जाण्याची शक्यता होती. त्याच्या कारकुनाला पावाचा पाव काढता आला नाही तर मात्र मोहीम फुकट जायची. अपूर्णांकांच्या गुणाकारावर पोसलेलं एवढं मोठं राज्य ज्यांच्या पूर्वजांनी चालवलं, ती पोरं 'एक छेद चार गुणिले एक छेद चार' पाहून पाण्याला जायची परवानगी मागतात.

कारण पाऊणला पुस्तकात 'तीन छेद चार' म्हणतात. धाकट्या इयत्तांत पाव, अर्धा, पाऊण यांची ओळख करून देतात, भाकरीची चित्रं काढतात, सगळं छान चाललेलं असतं. मग एके दिवशी ही घरची माणसं गणवेश घालून येतात आणि ओळखच दाखवत नाहीत. त्यांच्याबरोबर अंशाधिक, छेदाधिक, पूर्णांकयुक्त अशी सासरची मंडळी येतात. भागाकाराची वेळ आली की दुसऱ्याला उलटा करा आणि गुणा. का उलटा करायचा? तर तो त्याचा गुणाकार व्यस्त आहे. व्यस्त म्हणजे कामात बुडालेला, एवढं मुलाला टीव्हीवरून माहीत असतं. गुणाकार व्यस्त आहे तर उगाच त्याला त्रास कशाला, अशी समजूत करून घेऊन तो पुढच्या उदाहरणाकडे वळतो. २०१९ साली बालभारतीच्या दुसरीच्या पुस्तकात त्रेसष्टला 'साठ तीन' असंही म्हणा, अशी सोय केली तेव्हा केवढा गदारोळ झाला. मराठी बुडाली म्हणून विधानसभेत नक्कल करून झाली. पाऊणचं 'तीन छेद चार' होऊन किती काळ लोटला, त्याचं सुतक कुणी धरलं नाही.

हे उलटं करण्याचं गूढ सोलापुरात शेंगा चटणीच्या दुकानात उकलतं. पाऊण किलो चटणी आहे, अदपावच्या पुड्या किती होतील? पुस्तकातलं मूल ३/४ ÷ १/८ लिहितं, उलटं करतं, गुणतं, सहा हे उत्तर आलं की घाबरून खोडतं, कारण भागाकारानं संख्या लहान व्हायला हवी आणि इथं पाऊणला भागून सहा आले. दुकानदार म्हणतो, किलोत अदपाव आठ बसतात, पाऊण किलोत आठाचे पाऊण, सहा. संपलं. त्यानं अदपाव उलटा केला की नाही? केलाच, आठवा हिस्सा होता त्याचे आठ केले. पण तो उलटा का होतो हे त्याला ठाऊक होतं, आणि पुस्तकानं 'उलटा करा' एवढाच हुकूम सोडला होता. भागाकार म्हणजे 'याच्यात तेवढे किती बसतात' हा प्रश्न. बसणारी वस्तू जितकी लहान तितक्या जास्त बसणार. सोलापूरच्या शेअर रिक्षात ज्यानं प्रवास केला आहे त्याला हे तत्त्व वेगळं समजावून द्यावं लागत नाही.

यावर पहिला आक्षेप तयार असतो: दुकानातली गणितं सोपी असतात, सगळं सुटसुटीत बसतं, खऱ्या गणितात बाकी उरते. बरोबर; म्हणून शिंप्याकडे जाऊ. सोलापूर हे कापडाचं गाव. १८७७ साली सुरू झालेल्या जुन्या मिलपासून यंत्रमागावरच्या चादरी-टॉवेलांपर्यंत इथं मीटर आणि वार मोजून कित्येक पिढ्यांनी पोट भरलं. समजा, पाच मीटर कापड आहे आणि पन्हा मोठा असल्यानं एक ब्लाउज पाऊण मीटरमध्ये बसतो. किती ब्लाउज होतील? पुस्तकी रीतीनं ५ ÷ ३/४ म्हणजे २०/३, म्हणजे सहा पूर्णांक दोन तृतीयांश. शिंपी म्हणतो, सहा ब्लाउज आणि अर्धा मीटर उरेल. एकाच कापडाची ही दोन उत्तरं. बाकी अर्धा की दोन तृतीयांश? वर्गात हा प्रश्न विचारला तर निम्मी पोरं 'साडेसहा ब्लाउज' म्हणतील, कारण अर्धा उरला ना! आणि हीच ती जागा, जिथं 'कशाचा' न विचारल्याची किंमत मोजावी लागते. उरलेलं कापड अर्धा मीटर आहे. ते ब्लाउजच्या मानानं दोन तृतीयांश आहे, कारण पाऊणचा दोन तृतीयांश म्हणजे अर्धा. शिंप्याला दोन्ही माहीत असतं. तो गिऱ्हाइकाला अर्धा मीटर उरला असं सांगतो, आणि मनात म्हणतो की अजून पाव मीटर आणलं असतं तर सातवा झाला असता. या 'अजून पाव' मध्ये ब्लाउजचा उरलेला एक तृतीयांश आहे, पण तसं तो म्हणणार नाही, कारण एक तृतीयांश ब्लाउज घालणारं गिऱ्हाईक अजून त्याच्या दुकानात आलेलं नाही. आता यात बेतताना जाणारं कापड, शिलाईसाठी सोडलेली बोटं आणि अस्तर धरलेलं नाही, असं कुणी म्हणेल. धरा. शिंपी तेही धरतो, म्हणून तर तो नेहमी मीटरभर जास्त सांगतो.

गुणाकारानं संख्या लहान होते, ही दुसरी न पटणारी गोष्ट. अर्ध्याला पावानं गुणलं तर आठवा हिस्सा येतो. मग गुणाकार केला कशासाठी, असं मुलांना वाटतं. हे पटवायला सातबारा आणावा. महाराष्ट्रातला सगळ्यात प्रसिद्ध अपूर्णांक ७/१२ हा खरं तर अपूर्णांक नाहीच. गाव नमुना सात आणि गाव नमुना बारा यांची ती जोडी. पण दिसतो अपूर्णांकासारखा, आणि त्याला अतिसंक्षिप्त रूप देता येत नाही, कारण सात आणि बारा यांच्यात एकाशिवाय सामाईक काही नाही. भावाभावांतही पुढे पुढे तेवढंच उरतं. पाच एकरांचे तीन भाऊ झाले की एकाला एक एकर सव्वीस गुंठे दहा आणे आठ पै. (एकराचे गुंठे चाळीस, गुंठ्याचे आणे सोळा, आण्याच्या पै बारा, तिसऱ्या हिश्श्याला या कोष्टकातही सहज जागा मिळत नाही, पैपर्यंत खाली जावं लागतं.) पुढे त्यातल्या एकाला चार मुलगे झाले की तिसऱ्याचा चौथा, बारावा हिस्सा, सोळा गुंठे आणि वर काही आणे. 'चा' लागत जातो आणि शेत लहान होत जातं. अपूर्णांकाला अपूर्णांकानं गुणलं की संख्या घटते, या गणिती सत्याला आळा घालण्यासाठी सरकारनं १९४७ साली तुकडेबंदीचा कायदा केला. गणिताच्या नियमाविरुद्ध कायदा करणारी सरकारं जगात फार नसतील. नियम अर्थातच चालू राहिला. पंचवीस पैशांचं नाणं ३० जून २०११ पासून बंद झालं, तरी जुन्या खरेदीखतातला 'विहिरीत चार आणे हिस्सा' तसाच आहे, आणि त्यावरून होणारी भांडणं सोळा आणे खरी आहेत.

एसटी महामंडळाचा कंडक्टर हा या शास्त्रातला दुसरा पंडित. पाच ते बारा वर्षांच्या मुलाला अर्धं तिकीट ही जुनी रीत. १७ मार्च २०२३ पासून बायकांनाही निम्मं भाडं झालं. बायकोला अर्धांगिनी म्हणायची परंपरा आपल्याकडे फार जुनी, पण तो शब्द हिशेबात धरला तो एसटीनं. नवरा एक, बायको अर्धी, पोरगं अर्धं: तीन माणसं, दोन तिकिटं, दोनात तीन. आणि ही मंडळी सोलापुराहून निघतात तुळजापूरला, साडेतीन शक्तिपीठांपैकी एकाकडे. तिथलं पीठ पुरं आहे, अर्धं वणीचं.

आता खरा टोकदार आक्षेप. पाव, अर्धा, पाऊण यांना नावं आहेत म्हणून ते सोपे. पंचमांश, सप्तमांश, नवमांश आले की बाजार गप्प बसतो. हे मला मान्य करायला हवं. पावकी, निमकी, पाउणकी, सवायकी, दिडकी, औटकी असे अपूर्णांकांचे पाढे पंतोजी म्हणून घेत, पण ती सगळी आळी निम्म्या-निम्म्यानं वसलेली आहे. तिहाईलासुद्धा तिथं घर नाही. शिवाय ते पाढे संध्याकाळी परवच्यात हेल काढून म्हणण्यात आणि चुकलं की छडी खाण्यात समज किती वाढे, हा प्रश्न आहेच. तेव्हा जुन्या शाळेचे गोडवे गायला मी बसलेलो नाही. पण नाव नसलेल्या अपूर्णांकालाही 'कशाचा' लावला की तो वठणीवर येतो, याचा दाखला सोलापूर जिल्ह्यातलाच आहे. माढा तालुक्यातल्या परितेवाडीच्या जिल्हा परिषद शाळेतले रणजितसिंह डिसले गुरुजी यांना २०२० साली ग्लोबल टीचर प्राइज मिळालं, दहा लाख डॉलरचं. त्यांनी निम्मी रक्कम अंतिम फेरीतल्या बाकीच्या नऊ शिक्षकांना वाटून टाकली. प्रत्येकाला किती? अर्ध्याचा नववा, म्हणजे अठरावा हिस्सा, पंचावन्न हजार पाचशे पंचावन्न डॉलर आणि वर थोडे. १/२ ÷ ९ हे उदाहरण फळ्यावर लिहिलं तर वर्ग जांभया देईल. तेच असं सांगितलं तर पोरं विचारतील, स्वतःला त्यांच्या नऊपट ठेवले का हो? आणि हा प्रश्न विचारणाऱ्या पोराला अपूर्णांक आले, असं समजायला हरकत नाही.

दुसरे म्हणतात, हे सगळं आता मोबाइल करतो. मोबाइल गुणाकार करतो आणि भागाकारही करतो. दोन्हींपैकी कोणता करायचा ते विचारलं की तो तुमच्याच तोंडाकडे बघतो. शाब्दिक उदाहरणात कठीण भाग तेवढाच असतो, बाकी हमाली. पाच मीटरला पाऊणनं गुणलं की पावणेचार येतात आणि पडद्यावर तोही आकडा तितक्याच आत्मविश्वासानं झळकतो. त्या पावणेचारपेक्षा शिंप्याचं 'सहा आणि अर्धा मीटर' बरं. तिसरे म्हणतात, शाब्दिक उदाहरणं मुळात खोटीच असतात. पुष्कळशी असतात, पण तशी असायलाच हवीत असं नाही. भास्कराचार्यांनी ११५० मध्ये लिहिलेल्या 'लीलावती'त भुंग्यांचा एक थवा आहे; त्याचा पाचवा हिस्सा एका फुलावर, तिसरा हिस्सा दुसऱ्यावर, या दोहोंच्या फरकाची तिप्पट तिसऱ्यावर, आणि एक भुंगा दोन सुगंधांच्या ओढीत अधांतरी. थवा पंधराचा निघतो. प्रश्न बनावट आहे, पण त्यातला पाचवा कशाचा आणि तिसरा कशाचा याबद्दल शंका राहत नाही, आणि उरलेल्या एका भुंग्याची काळजी वाटून मुलगा गणित पुरं करतो.

'कशाचा' न विचारता बोलायची सवय मोठ्यांनाही असते, आणि तिचा सगळ्यात मोठा नमुना भीमेवर बांधलेला आहे. उजनी धरणात सुमारे ११७ टीएमसी पाणी मावतं. त्यातलं जवळजवळ ६४ टीएमसी मृतसाठा, आणि ५३-५४ टीएमसी उपयुक्त. धरणाची टक्केवारी मोजतात ती उपयुक्त साठ्याची. म्हणून 'उजनी शून्य टक्क्यांवर' अशी बातमी येते तेव्हा धरणात निम्म्याहून जास्त पाणी असतं. त्याखाली गेलं की 'उणे' सुरू होतं, आणि २०२४ च्या उन्हाळ्यात ते उणे पन्नासच्याही खाली उतरलं. परगावच्या माणसाला सोलापूरकर सांगतो, धरण उणे चाळीस आहे, आणि त्या बिचाऱ्याला वाटतं की आता धरणालाच कुठून तरी चाळीस टक्के पाणी उसनं आणून परत करायचं आहे. पावसाळा चांगला झाला की तेच धरण शंभराच्या वर, एकशे दहा-अकरा टक्के भरतं. शून्याच्या खाली जाणारी आणि पुऱ्याच्या वर चढणारी ही टक्केवारी सोलापूरचं शेंबडं पोरगंही न अडखळता वाचतं. गावाच्या पिकाचंही तसंच: पैसेवारी पन्नास पैशांच्या आत आली की दुष्काळ, वर असली की नाही, अशी जुनी रीत. एकोणपन्नास पैशांत मदत आणि एक्कावन्न पैशांत हरी हरी. हे पैसे कशाचे, तर रुपयाभर पीक धरलं असतं त्याचे, आणि ते रुपयाभर पीक कोणत्या साली आलं होतं यावर चावडीत बराच वेळ चर्चा होते.

अशा गावातल्या मुलांना परीक्षेत अजूनही टाकी आणि नळाचं उदाहरण घालतात. एका नळानं टाकी तीन तासांत भरते, दुसऱ्यानं सहा तासांत. दोन्ही नळ एकदम सोडले तर किती वेळात भरेल? तासाला तिसरा हिस्सा आणि सहावा हिस्सा, मिळून अर्धा, म्हणजे दोन तास. मुलांना हे येतं. ती अडतात ती वेगळ्याच जागी: सोलापुरात नळाला पाणी रोज येत नाही, काही दिवसांआड येतं, ते रात्री येणार की पहाटे हे गल्लीवर अवलंबून, आणि आलं की घरातली प्रत्येक घागर, बादली आणि पिंप एकदम लायनीत उभं राहतं. तेव्हा पेपर काढणाऱ्या गुरुजींना आणि बाईंना एवढीच विनंती, की पुढच्या वेळी हे उदाहरण घालाल तर नळ कोणत्या दिवशी आणि किती वाजता सुटणार, ते प्रश्नातच लिहा.